लाथेआधीचा तळहात

मित्रांनो, मी एक जुना दरवाजा आहे. पण माझ्यामागे कधीही घर नव्हते. माझ्याआड कुणी निजले नाही, की पाहुण्याची वाट पाहत कुणी माझ्या फटीतून डोकावले नाही. माझा जन्मच मुळी तुटण्यासाठी झाला. दूरचित्रवाणीवर एक मालिका चालत असे. तिच्यात पोलीस अमली पदार्थ विकणाऱ्या टोळ्यांच्या मागे धावत, टोळीवाले पळत, लपत, आणि दर भागात एक तरी दार लाथेने फोडले जाई. ते दार म्हणजे मी.

चित्रीकरणाच्या इमारतीमागे एक लांबट कार्यशाळा होती. तिथे सुतारकाकांनी मला घडवले. पाडलेल्या एका कचेरीतून आणलेल्या जुन्या सागवानाच्या त्यांनी माझ्या उभ्या-आडव्या पट्ट्या केल्या, त्या रंधून सरळ केल्या आणि पटाशीने खाचा पाडून एकमेकींत अशा बसवल्या की खिळ्याची गरजच उरू नये. मधली फळी मात्र हलक्या, ठिसूळ लाकडाची. तिला मागच्या बाजूने अर्ध्या जाडीपर्यंत करवतीचे काप दिलेले असत, म्हणजे लाथ बसताच ती ठरलेल्या रेषेवरच तुटावी. एकदा तुटली की काका ती काढून नवी सरकवत आणि वरून रंगाचा हात फिरवत. पाहणाऱ्याला मी एकसंध दिसे; पण माझे हातपाय जुने असत आणि पोट रोज नवे.

रोज मरे त्याला कोण रडे, असे तुम्ही म्हणाल. तुटण्याची सवय होत असेल, असेही वाटेल. तसे होत नाही, मित्रांनो. कोपऱ्यातला लाल दिवा लागला की सगळे जण जागच्या जागी थिजत. खोकला आला तरी गिळत. त्या शांततेत समोरच्या बोळातून बुटांचा आवाज जवळ येऊ लागे आणि माझ्या बिजागऱ्या आतून गार पडत. लाथ बसल्यावर भीती संपते. ती बसण्यापूर्वीचा क्षण मात्र लांबत जातो, आणि तो मला कधीही सोसला नाही.

मी ज्याला सर्वांत जास्त भीत असे, त्याला सगळे लाथाड्या म्हणत. पडद्यावर दिसणारा इन्स्पेक्टर देखणा होता. पण लाथ त्याची नव्हती. लाथेपुरता त्याच्या जागी त्याच्याच वर्दीत हा उभा राही. रुंद खांदे, दोन्ही गुडघ्यांना पट्टे आणि बोलणे अगदी हळू. त्याची एक सवय होती. लाथ घालण्यापूर्वी तो आपला उजवा तळहात माझ्यावर सपाट टेकवी आणि दिग्दर्शकाचा इशारा मिळेपर्यंत तसाच ठेवी. पोलीस आतली चाहूल घेतो आहे असे पडद्यावर दिसे, म्हणून दिग्दर्शकानेही ते चालू दिले. बाकीचे थट्टा करत. एकदा ध्वनिमुद्रकाने विचारलेच, की बाबा रे, तू दाराला नमस्कार करतोस, मग लाथ तरी कशाला घालतोस?

"ज्याच्यावर पोट चालतं, त्याला आधी हात लावायचा," लाथाड्या म्हणाला. "पाय नंतर."

या ध्वनिमुद्रकाला सगळे कानसेन म्हणत. त्याच्या कानांना माझे पोकळ पोट खुपत असे. माझ्यावर टिचकी मारून तो म्हणे, की हे दार बोलते ते रिकाम्या डब्यासारखे. टोळीच्या अड्ड्याला असे दार शोभत नाही. त्याचे म्हणणे खोटे नव्हते.

आता त्या भागाविषयी सांगतो.

कथा अशी होती. टोळीच्या म्होरक्याची बहीण पोलिसांना खबर देते. म्होरक्याला ते कळते. तो तिला मालाच्या खोलीत कोंडतो, बाहेरून कुलूप घालतो आणि पुरावा उरू नये म्हणून खोलीला आग लावून पळतो. पोलीस येतात, दार फोडतात, तिला वाचवतात. मालाची पाकिटे म्हणजे खडूची भुकटी होती आणि आग म्हणजे एका यंत्रातून नळीने आत सोडलेला धूर. कुलूप मात्र खरे होते, कारण कॅमेरा त्याच्या अगदी जवळ जाणार होता.

बहिणीचे काम करणाऱ्या बाईंना सगळे ताई म्हणत. पाठीमागच्या भिंतीला टेकून उभे राहायचे आणि "दार उघडा" असे ओरडत राहायचे, एवढेच त्यांचे काम. तुटलेली फळी अंगावर येऊ नये म्हणून जमिनीवर पिवळी पट्टी चिकटवली होती. तिच्या पुढे यायचे नाही. सकाळी लाथाड्याने त्यांना माझ्यापाशी आणून नीट समजावले.

"ओरडणं कथेतच आहे, ताई. त्यामुळं खरंच काही झालं तर ओरडून उपयोग नाही. दार ठोठावा. तीनदा, थांबून थांबून. मी बाहेर आहेच."

"तीनदाच? आमच्या सासूबाई तर उघडेपर्यंत ठोकतात," ताई म्हणाल्या आणि त्यांनी माझ्यावर तीनदा ठोठावून पाहिले. माझे पोकळ पोट छान वाजले. लाथाड्याने मान डोलावली. रिकाम्या डब्याचाही कधी उपयोग होतो, असे मला त्या वेळी वाटून गेले.

त्यानंतर सगळे जेवायला गेले, आणि त्या तासाभरात दोन कामे झाली. कॅमेरा खालून वर पाहणार होता आणि त्यात खोलीला छत नसल्याचे दिसत होते, म्हणून सुतारकाकांना सांगून वर प्लायवुडचे तक्ते टाकून घेतले गेले. आजवर माझ्यामागच्या सगळ्या खोल्या वरून उघड्या असत आणि धूर तिकडून निघून जाई. दुसरे काम कानसेनाने केले. त्याने माझ्या आतल्या अंगाला जाड फोम चिकटवला. लाथेसरशी तोही फाटावा म्हणून करवतीच्या कापांवर त्याने व्यवस्थित चिरा दिल्या. आता माझा आवाज भारदस्त येणार होता. दोन्ही कामे चोख झाली होती. छत ज्यांनी घातले त्यांनी ते धूरवाल्याला सांगितले नाही, आणि फोम ज्याने लावला त्याने ते लाथाड्याला सांगितले नाही.

मला दोन्ही ठाऊक होते. पण दाराला कोण विचारतो?

ताई आत गेल्या. दाबले की बसणारे कुलूप लागले. लाल दिवा लागला. धूर सुरू झाला.

पहिल्या काही हाका ठरल्याप्रमाणे आल्या. धूर वर गेला, छताला थडकला आणि पुन्हा खाली उतरू लागला. माझ्या खालच्या फटीपर्यंत तो आला तेव्हा मला कळले, की आता तो सगळी खोली भरल्याखेरीज थांबणार नाही. ताईंच्या हाकेत खोकला मिसळला. बाहेर दिग्दर्शकाने कानांवरचे हेडफोन घट्ट दाबून धरले आणि तो शेजाऱ्याच्या कानात पुटपुटला, "बाई काय जीव ओततायत. चालू दे."

बोळातून बूट धावत आले. लाथाड्या माझ्यासमोर थांबला आणि त्याने तळहात टेकवला. आता फक्त इशारा व्हायचा होता. दिग्दर्शक मात्र तो देईना. एवढा खरा आवाज पुन्हा मिळणार नाही, म्हणून त्याने इशाऱ्यासाठी उचललेला हात तसाच अधांतरी धरून ठेवला.

आतला आवाज बंद झाला.

पिवळी पट्टी ओलांडून, जमिनीलगत सरपटत ताई माझ्यापर्यंत आल्या होत्या. धुरात त्यांनी मला हातांनी शोधले. मग माझ्यावर मूठ आपटली. फोमने ती गिळली. त्या थांबल्या, पुन्हा आपटली. तीही गिळली गेली. ठरल्याप्रमाणे तीनदा, थांबून थांबून. सकाळी खणखणीत वाजलेला मी दुपारी मुका झालो होतो. ताईंना काय वाटले असेल ते मी सांगू शकतो, कारण त्यांचे कपाळ माझ्यावर टेकले होते. आपण ठोठावले आणि कुणी आले नाही, असे त्यांना वाटले.

एका बाजूने त्यांचे कपाळ, दुसऱ्या बाजूने त्याचा तळहात, आणि मध्ये मी. इशारा झाला असता तर लाथ नेमकी त्या कपाळावर बसली असती. मित्रांनो, आयुष्यात शेकडो लाथा खाल्ल्या, पण तशी भीती मला कधी वाटली नव्हती. ती माझ्या तुटण्याची नव्हती. मला त्या क्षणी न तुटणारे दार व्हायचे होते.

ताईंनी पुन्हा मूठ उचलली. ठोका या वेळी फोमच्या कडेला, सागवानी पट्टीवर पडला, अगदी अशक्त. मी माझ्या प्रत्येक सांध्याने तो पुढे ढकलला. त्यात माझा पराक्रम किती आणि लाकडाचा गुणधर्म किती, हे मला सांगता येणार नाही. एवढे खरे, की माझ्यावर टेकलेली लाथाड्याची बोटे किंचित दचकली. दुसरा ठोका पडला. बोटे पसरली आणि दाबून बसली. नेमक्या त्याच वेळी दिग्दर्शकाचा हात खाली आला. इशारा झाला.

लाथाड्या हलला नाही.

सगळ्यांचे डोळे त्याच्यावर खिळले. दिग्दर्शकाने पुन्हा जोराने हात हलवला. तिसरा ठोका पडला.

"कट," लाथाड्या म्हणाला.

तो शब्द उच्चारण्याचा अधिकार तिथे एकाच माणसाला होता.  मग लाथाड्या मोठ्याने बोलला, आणि त्याचा मोठा आवाज त्या दिवशी मी प्रथमच ऐकला. "ताई दाराला लागून आहेत. धूर बंद करा. चावी आणा."

चावी सामानवाल्याच्या खिशात, आणि सामानवाला जेवून अजून परतला नव्हता. लाथ तर घालता येत नव्हती. सुतारकाका हातोडी आणि पटाशी घेऊन धावत आले. माझ्या बिजागऱ्यांच्या खिळ्या त्यांनी खालून वर ठोकून काढल्या. घाईत पहिला घाव माझ्यावरच बसला. मग काका आणि लाथाड्या अशा दोघांनी मला कुलपासकट बाजूला ओढले. धुराचा लोट बाहेर आला आणि त्याच्याबरोबर ताई लाथाड्याच्या पायांवर कोसळल्या.

त्या बराच वेळ खोकत राहिल्या. डॉक्टर आले, त्यांनी ताईंना प्राणवायू दिला. बोलता येऊ लागल्यावर ताईंनी पहिली गोष्ट विचारली ती हीच, की मी ठोठावत होते, कुणाला ऐकू आले नाही का?

"ऐकू नाही आलं," लाथाड्याने सांगितले. "हाताला कळलं."

कानसेन माझ्यापाशी येऊन उभा राहिला. त्याने फोम नखांनी ओरबाडून काढला. सुतारकाकांनी छताचे तक्ते उतरवले. दिग्दर्शक खुर्चीत बसून होता. हेडफोन त्याच्या मांडीवर पडले होते आणि तो त्यांच्याकडे पाहत होता.

राहिलेले दृश्य दोन दिवसांनी घेतले. ताई आल्या, पण माझ्यापाशी येऊन थबकल्या. तेव्हा लाथाड्या स्वतः आत गेला, त्याने मला ओढून घेतले आणि आतून तीनदा ठोठावले. मी खणखणीत वाजलो. ताईंनी बाहेरून तीनदा उत्तर दिले आणि मगच त्या आत गेल्या. तिथून पुढे तसा नेमच पडला: आतून ठोके, बाहेरून ठोके, मग लाल दिवा. त्या दिवशी लाथ बसली, माझे पोट ठरल्या रेषेवर तुटले, आणि मला भीती वाटली नाही.

मालिका पुढे बंद झाली. आता मी गोदामात भिंतीकडे तोंड करून उभा आहे. अंगावर रंगाचे डबे रचलेले आहेत, खालच्या पट्टीला वाळवी लागली आहे, आणि मधली फळी कुणी बसवलेली नाही. बाकीचे सागवान अजून शाबूत आहे. कुणी वाळवी झाडली, एक खरी, जाड फळी बसवली, तर एखाद्या घराला मी अजूनही उपयोगी पडेन. तेवढी माझी विनंती आहे.

आणि तुम्हांला एक सांगणे आहे. तुमच्या घरातही कधी कुणी दार लावून आत बसेल; रागावून म्हणा, घाबरून म्हणा. बाहेरून हाका मारण्याआधी, दारावर धक्के देण्याआधी, आपला तळहात त्यावर क्षणभर टेकवा. आतून कुणी ठोठावत असेल, तर ते कानांना कळेलच असे नाही.

गोदामात उंदीर फिरतात. त्यांची पावले माझ्यावर पडली की मी अजूनही दचकतो आणि पहिला, दुसरा, तिसरा असे मोजू लागतो. मग वाट पाहतो, बाहेरून कुणाचा हात टेकतो का याची.