फक्त हातांची फिल्म

मित्रांनो, मी एक जुनी फिल्म आहे. लगेच सरसावून बसू नका. माझ्यात गाणी नाहीत, मारामारी तर नाहीच. एक बाई शर्टाची बटणे लावते, पाणी पिते, चादरीची घडी घालते. झाले. तेही इतके सावकाश, की माणूस बटण लावायला शिकला तरी कसा, असा प्रश्न पडावा. बोटे चाचपडतात, काज सापडत नाही, मग सापडते.

मला बनवणारे गृहस्थ छापखान्यात नोकरी करायचे आणि सुटीच्या दिवशी बायकोला कॅमेऱ्यासमोर उभे करायचे. चेहरा दिसला की लोक हात बघत नाहीत, असे त्यांचे म्हणणे. ती बिचारी तीच चादर पुन्हापुन्हा झटकायची. एकदा तिला हसू आवरेना. ती वाकली आणि तिचा सगळा चेहरा माझ्यात आला. त्यांनी तेवढा तुकडा कापून केराच्या टोपलीत टाकला.

काहींनी माझे कौतुक केले, बरेच जण मधेच उठून गेले. एका ठिकाणी तर मशीन अडकले असे वाटून चालवणाऱ्याने दिवेच लावले. मग मी डब्यात गेले, डबा कपाटावर गेला, आणि तिकडे कोणी ढुंकूनही पाहिले नाही. अंगाला आंबूस वास येऊ लागला. एकटेपणाची सवय होते म्हणतात. मला झाली नाही.

परवा डबा उघडला. आई गेली तेव्हा पाळण्यात असलेली त्या गृहस्थांची मुलगी आता मोठी झाली आहे. घरात आईचे फोटो आहेत, पण हलणारी, बोलणारी आई तिने कधी पाहिली नव्हती. ती पडद्याकडे डोळे लावून बसली. मी संपले तरी बसूनच राहिली.

"बाबा, आई दिसलीच नाही."

"हात तिचेच आहेत गं."

"चेहरा कुठंय?"

ते माझ्या डब्याचे झाकण उगाच पुसत राहिले. "एक तुकडा होता. हसली होती ती. मी कापून टाकला."

"का?"

"फिल्म बिघडत होती."

ती रागावली असती तर बरे झाले असते. "परत लावा," एवढेच म्हणाली.

"कडा फाटल्यात तिच्या. तुटेल."

"लावा ना, बाबा."

मित्रांनो, मला कोरड्या जागी ठेवा, जपून हाताळा, अशी विनंती मी करायला हवी. पण मला कितीही जपले तरी त्या मुलीला हवे ते माझ्याकडे नाही. तिच्या आईची बोटे मला पाठ आहेत, चेहरा मात्र आठवत नाही. तुमच्या घरातले कोणी काम करता करता हसले, तर तेवढे कापू नका. फिल्म बिघडली तरी चालेल.