धनेशाची वाट

बेळगावचा छापखानेवाला यशवंतकडून महिन्याला एक खून मागायचा. यशवंतही बाजारकुणंगातल्या आपल्या किराणा दुकानात, गुळाच्या ढेपेशेजारी मांडी ठोकून, तो इमानेइतबारे पाडायचा. कधी मुंबईच्या बंगल्यात विष घालून, कधी बोटीवर गळा दाबून. मुंबई त्यानं जन्मात पाहिली नव्हती आणि बोटीत पाय ठेवला नव्हता. सगळा कारभार हवेतला. तरी हलक्या कागदावरची ती पुस्तकं हातोहात खपायची, आणि त्यातल्या एकाही मुडद्यानं यशवंतची झोप उडवली नाही. ती उडवली पोरांच्या एका गोष्टीनं.

लखू कुणब्याची पोर केशर मीठ न्यायला आली की पायरीवर फतकल मारून बसायची.

"मामा, ती मुडद्याची नगं. माजी गोष्ट लिव."

यशवंतला मूलबाळ नव्हतं. राजा-राक्षसाच्या चार गोष्टी त्यानं पोरांसाठी लिहिल्या होत्या, पण असं हक्कानं मागणारं कुणी भेटलं नव्हतं. गडी विरघळला. आणि हिच्या गोष्टीत काही खोटं घालायचं नाही, असं त्यानं मनाशी ठरवून टाकलं.

त्याच पावसाळ्यात लखूनं त्याला आपली कुमरी दाखवली होती. उतारावरचं रान तोडायचं, जाळायचं आणि राखेत नाचणी पेरायची, ही कुणब्यांची बापजाद्यांची शेती सरकारच्या हुकमानं गुन्हा ठरली होती. पण पोट हुकूम ऐकत नाही. लखूनं डोंगराच्या कुशीत चोरून एक तुकडा केला होता. वर्षाची भाकरी तेवढीच.

"अण्णा, ही जागा तुमच्या तोंडातनं भायेर पडायची न्हाई," लखू म्हणाला.

"देवाशपथ न्हाई," यशवंत म्हणाला.

आणि तोंडातून पडली नाहीच. लेखणीतून पडली. गोष्टीतली पोर धनेश पक्ष्याच्या मागं निघते. काळी नदीकाठच्या कातळापासून ओहोळ धरून वर, जोडआंब्याच्या डावीकडून, वेताच्या जाळीतून वाकून पलीकडे, आणि समोर डोलणारी नाचणी. केशरची त्यानं सोनी केली, गावाचं नाव गाळलं, छापलेली गोष्ट केशरला वाचून दाखवली आणि स्वतःच्या हुशारीवर खूश झाला. जंगलखात्याचे साहेब थोडेच पोरांची पुस्तकं वाचतात? साहेब नाही वाचत हो, पण साहेबांना पोरं असतात!

दसरा झाला आणि सुप्याचे रेंजरसाहेब पुस्तक हातात घेऊन दुकानात हजर.

"लिहिणारे तुम्हीच ना? आमच्या चिरंजीवांना तोंडपाठ आहे. सुट्टीत आला आणि हट्टच धरला, कातळापाशी न्या, पुढची वाट मी दाखवतो. अहो, तंतोतंत! धनेश काही दिसला नाही, पण कुमरी मिळाली." साहेब मनापासून हसले. "त्याच्यासाठी सही द्या."

मी ते शेत मनानं रचलंय, एवढं तरी म्हणावं, असं यशवंतला वाटलं. पण सापडलेल्या शेतापुढे त्याचा काय उपयोग? त्यानं सही केली. अक्षर नेहमीसारखंच वळणदार आलं, याची त्याला शिसारी आली.

साहेबांची पाठ वळताच गुळाची पुडी बांधून तो लखूच्या घरी गेला. लखूला सुप्याला नेलं होतं. नाचणी कणसासकट उपटून जाळली होती. बायको फुला उंबऱ्यात बसली होती.

"कुनाच्या जिभेला हाड न्हाई म्हनायचं?" फुला म्हणाली. "जागा ठावी हुती ती आमाला नि तुमाला. तुमी तर भाऊच. मग वाट दावली कुनी?"

आता सांगावं, असं यशवंतला वाटलं. खुन्यांच्या तोंडून कबुलीजबाब वदवणारा हा माणूस, पण स्वतःचा त्याला जमेना. त्यानं पुडी तिच्यापुढे सरकवली.

तेवढ्यात केशर आतून आली. तिनं त्याचा सदरा ओढला.

"मामा, तेवढी गोष्टीतली वाट बदल की. आंब्याच्या उजवीकडनं कर. मंग त्यास्नी आमची नाचणी घावायची न्हाई."

फुलानं मान वर केली. लेकीकडे पाहिलं, मग यशवंतकडे पाहिलं. मग तिनं गुळाची पुडी उचलली आणि त्याच्यापुढे परत ठेवली.