चार्ज दिल्याची सही

भांडार सांभाळणाऱ्या त्या माणसाला कार्यालयात सगळे कुलूपकाका म्हणत. कुलूप लावल्यावर ते तीनदा ओढून बघत आणि बसथांब्यापर्यंत पोचल्यावर चौथ्यांदा परत येत. पाणीपुरवठ्याचे व्हॉल्व्ह, नळ, पाइपांचे तुकडे; सव्वीस वर्षांत साधा वॉशर कमी भरला नव्हता. अशा माणसाच्या बदलीचा हुकूम शुक्रवारी निघाला, तोही पार दुसऱ्या टोकाला.

त्यांची मुलगी आठ वर्षांची, जन्मापासून ऐकू न येणारी. इथल्या शाळेत तीन वर्षांत ती ओठ वाचायला शिकली, आता कुठे तोंडातून शब्द फुटत होते. बदलीच्या गावी तशी शाळा नव्हती. राहतं घर खात्याचं, म्हणजे काकांच्या मागोमाग मायलेकींनाही बिऱ्हाड हलवणं आलं. म्हणून जन्मात कधी तक्रार न केलेले काका कोर्टाची पायरी चढले. वकीलबाईंनी बदलीला स्थगिती मागणारा अर्ज सोमवारच्या सुनावणीला लावून घेतला आणि बजावलं, "तोवर चार्ज सोडायचा नाही. एकदा चार्ज दिलात की अडवायला काही उरत नाही."

काकांनी मान डोलावली. पण शनिवारी साहेबांचा निरोप आला: नवा भांडारपाल हजर झालाय, तुम्ही आला नाहीत तर पंचांसमोर कुलूप तोडून मोजणी करू. कुलूप तोडणार म्हटल्यावर काकांनी किल्ल्यांचा जुडगा उचलला. आपल्या माघारी मोजलं आणि दोन व्हॉल्व्ह कमी भरले, तर नाव कुणाचं खराब होणार? बायकोने परोपरीने विनवलं, पण हा गृहस्थ गेलाच. अहो, जायचं काय अडलं होतं! दिवसभर एकेक वॉशर मोजून दिला, यादीखाली सही केली, वर तारीख-वेळही घातली आणि किल्ल्या नव्या माणसाच्या हातात ठेवल्या. ही सही मालाची, बदलीची नव्हे, अशी त्यांची भाबडी समजूत. त्यामुळे वकीलबाईंच्या कानावर घालावं असं त्यांना वाटलंही नाही.

सोमवारी खात्याच्या वकिलांनी नेमका तोच कागद पुढे केला. वकीलबाईंचा चेहरा पडला. तरी त्यांनी शाळेचं सगळं नीट मांडलं, न्यायाधीशांनी ते शांतपणे ऐकूनही घेतलं. मग यादी उलटसुलट पाहून त्यांनी काकांनाच विचारलं, "सही तुमचीच?"

"माझीच," काका म्हणाले. "मोजणीही बरोबर आहे, साहेब."

हुकूम दोन ओळींत आटोपला. चार्ज दिलेला आहे, सबब स्थगिती नाही. मूळ अर्जाची सुनावणी चार महिन्यांनी, तोवर नव्या जागी हजर व्हावं.

बायकोने दारातच विचारलं. मुलगी चटईवर बसून दोघांकडे बघत होती. काकांनी तिच्याकडे पाठ केली आणि भिंतीकडे बघत म्हणाले, "नाही मिळाली. माझ्याच हाताने घालवली मी."

बायको खाली बसली. मुलगी मात्र उठली, वळसा घालून बापाच्या पुढ्यात आली, त्यांची हनुवटी धरून तोंड आपल्याकडे वळवलं आणि जड जिभेने, एकेक शब्द सुटा करत म्हणाली, "बाबा, तोंड दिसू दे. पुन्हा सांग."