एडेमचा गणपती

आमच्या मुलीच्या, सईच्या लग्नात दाराशेजारची भिंत रंगवायला मी एडेमला सांगितलं, ते काही कौतुकापोटी नव्हे. आमचा नेहमीचा चितारी काशीनाथ मोतीबिंदूचं ऑपरेशन करून डोळ्यांवर हिरवी पट्टी बांधून बसला होता, आणि एडेम वरच्या खोलीत आयता सापडला. काशीत लग्नघराची भिंत कोरी ठेवत नाहीत. मधे गणपती, दोन्ही अंगांना हत्ती, खाली नवरा-नवरीची नावं. भोसले घाटामागे आम्हा मराठी लोकांची जी घरं उरली आहेत, त्यांनीही ही रीत केव्हाच उचलली आहे.

एडेम घानाचा, समुद्रकाठच्या केटा गावचा. शिष्यवृत्तीवर संख्याशास्त्र शिकायला आला आणि आमचा भाडेकरू झाला. संख्याशास्त्राचं पुस्तक त्याच्या हातात मी क्वचितच पाहिलं. खोलीभर कॅनव्हास, जिन्यापर्यंत टर्पेंटाइनचा वास, आणि लतिकेची, म्हणजे माझ्या बायकोची, रोजची भुणभुण: "अहो, त्याला खिडकी उघडायला सांगा." चित्रकला त्याला कुणी शिकवली नव्हती. लहानपणी वडिलांच्या होडीवर मासे रंगवले, मग न्हाव्यांच्या दुकानांच्या पाट्या, मग माणसांचे चेहरे. इथे एका चित्रकला-शिक्षकाला त्यानं मोठ्या आशेनं कामं दाखवली. ते म्हणाले, हात बरा आहे, पण पाया नाही. हे सगळं विसर आणि पहिल्यापासून शिक. त्या दिवसापासून टर्पेंटाइनचा वास बंद झाला. परीक्षा आटोपून गावी भावाच्या बर्फाच्या कारखान्यात जायचं, असं त्यानं ठरवून टाकलं. त्यामुळे भिंतीचं सांगितलं तेव्हा तो आधी नाहीच म्हणाला. सईनं गळ घातली म्हणून तयार झाला.

चित्र मात्र असं उतरलं की गल्लीतल्या गाईसुद्धा थांबून बघत. लतिकेनं लगेच गणपतीला हळदकुंकू वाहिलं आणि लग्नाची पहिली पत्रिका त्याच्यापुढे ठेवली. मग ढुंढिराज गुरुजी आले. हे आमच्या घराचे पिढीजात उपाध्याय. त्यांनी भिंतीकडे पाहिलं आणि चप्पल काढायची विसरले.

"नरहरराव, उजव्या सोंडेचा काढलाय हा!"

कुणा मराठी माणसाला याहून जास्त सांगावं लागत नाही. डाव्या सोंडेचा गणपती घरच्यासारखा. एखाद दिवस दुर्लक्ष झालं तरी चालवून घेतो. उजव्या सोंडेचा कडक. त्याचं सोवळं, त्याचा नैवेद्य, सगळं रोजच्या रोज, आणि त्यात कुचराई खपत नाही. शेजारचे मिश्राजी म्हणाले, "अरे भाई, गणेशजी तो गणेशजी हैं, इसमें दायाँ-बायाँ क्या?" पण लतिकेचा चेहरा पांढराफटक पडला होता.

मी म्हटलं, "अहो गुरुजी, भिंतीवरचं चित्र ते. त्याची कुठे प्राणप्रतिष्ठा केलीय?"

"पत्रिका ठेवलीत ना? मग बोलावलंत त्याला. आता एक तर उत्तरपूजा करून पुसा, नाहीतर ठेवा आणि रोजचं करा. मधलं काही नाही."

लग्न तोंडावर, घरात पाहुणे. मी म्हटलं, पुसा. गुरुजी उत्तरपूजेला बसायच्या बेतात होते, तेवढ्यात एडेम स्वतःच चुन्याची बादली घेऊन खाली आला. "काका, मैं कर देता हूँ. पाँच मिनट का काम है."

कुंचला बुडवला, आणि तो तसाच उभा राहिला. मला राग आला. मी ओरडलो, "अरे, सूँड उलटी काढलीसच कशी? कॅलेंडर नहीं देखा कभी?"

"वही देखा था, काका."

मग त्यानं सांगितलं. केटाला त्याच्या मामाचं केस कापायचं दुकान होतं. मागच्या भिंतीवर कुण्या खलाशानं आणलेलं हिंदुस्थानातलं जुनं कॅलेंडर होतं, आणि त्यावर हा हत्तीच्या तोंडाचा देव. एडेम खुर्चीत बसून समोरच्या आरशात उलटा दिसायचा तसा तो काढायचा, कारण मागे वळून बसला की रिकामा समजून मामा केर काढायला लावायचा. आयुष्यातलं त्याचं पहिलं चित्र ते. "सर ठीक बोले थे," तो म्हणाला. "मैंने शुरू से ही गलत सीखा है." आणि त्यानं कुंचला वर उचलला.

मी कनवाळू माणूस नाही. मी नोकरीला होतो त्या बँकेत माझ्या पाठीमागे मला काय म्हणत, ते मला ठाऊक आहे. पण त्या पोराचं सगळं शिक्षण माझ्या भिंतीवर होतं, ते तो माझ्या सोयीसाठी स्वतःच्या हातानं पुसत होता, आणि ते मला बघवेना.

"ठेव ती बादली खाली," मी म्हणालो. "गुरुजी, रोजचं काय काय करावं लागतं ते सांगा."

लतिका म्हणाली, "तुम्ही? अहो, तुम्हाला आठच्या आत जाग येत नाही!"

तेव्हापासून पहाटे अंघोळ, सोवळ्याचा रेशमी कद नेसून गल्लीत उघड्यावर पूजा, दूधवाल्याचं "का गुरु, आज देर हो गयल!" ऐकत. थंडीत दात वाजत. सईच्या बाळंतपणाला लतिका एकटी नागपूरला गेली आणि नातू मी फोनवर पाहिला. मी शिव्या घालत पूजा केली, पण केली.

एडेमनं वरच्या खोलीत पुन्हा टर्पेंटाइन उघडलं. पदवी कशीबशी पदरात पाडून घेतली, घरी गेला, बर्फाच्या कारखान्यात गेला नाही. आधी आक्रा, मग डाकार, मग लंडन. त्याच्या चित्रातली माणसं सगळी डावखुरी, शर्टाची बटणं उलट्या बाजूला. त्यावर विद्वानांनी पानंच्या पानं लिहिली. मी लतिकेला म्हणालो, या लोकांना न्हाव्याच्या आरशाचं कुणीतरी सांगा गं.

यंदा दिल्लीत त्याचं मोठं प्रदर्शन होतं. त्यावर पुस्तक निघणार, त्यात आमच्या भिंतीचा फोटो हवा, म्हणून तो स्वतः यायला निघाला. पण त्याला भिंत दाखवायची मला लाज वाटत होती. कारण हत्ती अजून ताजे होते, त्यांना कुणी हात लावला नव्हता. गणपतीला मात्र रोज पाणी, तेल, शेंदूर. डोळे गेले होते, सोंड गेली होती. शेंदराचा एक जाड थर तेवढा होता.

एडेम आला, कॅमेरा गळ्यात. कॅमेरा न उघडता भिंतीजवळ गेला. मला वाटलं, आता हा काय बोलेल ते खाली मान घालून ऐकायचं. मी म्हणालो, "माझ्याच हातानं गेला रे. माफ कर."

"रोज किया, काका?"

"रोज. ताप असेल तेव्हा लतिका करायची."

त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं आणि त्यानं ते पुसलं नाही. म्हणाला, त्याची चित्रं आता मोठमोठ्या घरांत लागतात, पण कुणी त्यांच्यासाठी झोपेतून उठत नाही. मग नाक ओढून म्हणाला, "नया बना दूँ? सूँड इस बार सीधी कर देता हूँ. गुरुजी भी मना नहीं करेंगे. आप छूट जाएँगे."

सुटायचं तर होतंच मला. गुडघे गेलेत, नातू शाळेत जायला लागला तरी त्याचं घर मी पाहिलेलं नाही. लतिका दारात उभी राहून माझ्या तोंडाकडे बघत होती.

"होती तशीच काढ," मी म्हणालो. "बदललीस तर याद राख."