दुधीचं फूल संध्याकाळी उमलतं

मी एक जुना पतंग आहे. दोऱ्याला बांधून गच्चीवरून उडवतात तो कागदाचा नव्हे. पंख आणि सोंड असलेला, जिवंत. जुना म्हणजे फार वर्षांचा समजू नका. आमच्यात पंधरवडा जगला की त्याला म्हातारा म्हणतात, आणि मी तो कधीच ओलांडला आहे.

मित्रांनो, माझा जन्म बुऱ्हाणपूरजवळच्या दापोऱ्यात, सोजरबाईच्या न्हाणीमागच्या अळूवर झाला. तेव्हा मी अळी होतो, हिरवा, लठ्ठ, शेपटीवर एक शिंग. तिच्या वड्यांची पानं मी फस्त करायचो आणि ती मला शिव्यांची लाखोली वाहायची. मग एके दिवशी मी मातीत शिरलो, कोषात झोपलो. जाग आली तेव्हा मला पंख फुटले होते आणि जवळजवळ अंगाएवढी लांब सोंड होती.

ती सोंड कशासाठी, हे मला सोजरबाईच्या शेतातल्या दुधीच्या मांडवावर कळलं. दुधीचं पांढरं फूल दिवस कलल्यावर उमलतं आणि सकाळी उन्हं चढेपर्यंत मान टाकतं. मधमाश्या संध्याकाळी घरी गेलेल्या असतात. त्यांच्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. कष्टाळू जात आहे, पुस्तकांत त्यांच्यावर धडे आहेत. पण दिवेलागणीला नर फुलातले पराग मादी फुलापर्यंत कोण नेणार? आम्हीच नेतो, आणि आमच्यावर कुणी धडा लिहीत नाही. मादी फुलामागे बोटभर लवदार भोपळा आधीच असतो. पराग पोचले तर तो वाढतो, नाही पोचले तर पिवळा पडून गळतो.

सोजरबाईचा हा दुधी बाजारच्या बियाण्याचा नव्हता. लांब मानेचा, पोटाशी गोल, असा दुधी आसपास कुणाकडे नाही. तुकईथडहून, माहेराहून, तिच्या आईने ते बी दिलं होतं. दरवर्षी एक भोपळा वेलावरच वाळू द्यायचा, त्याचं बी राखेत घालून ठेवायचं, पुढच्या साली पेरायचं. यंदा पेरून उरलेलं बी उंदरांनी खाल्लं. आता जे काही होतं ते या मांडवावर. एक तरी भोपळा धरला तर वाण राहणार, नाहीतर संपला.

आधी वेलावर नुसती नर फुलं होती. मादी फुलं यायला लागली आणि नेमकी तेव्हाच शेतात रानडुकरं शिरू लागली. सोजरबाईच्या मुलाने, समाधानने, मांडवाच्या मधोमध खांब रोवून त्यावर मोठा पांढरा दिवा लावला. डुकरं पळाली. आमचा मात्र घात झाला.

दिव्याला भुलतो म्हणून माणसं आम्हाला मूर्ख म्हणतात. भुलत नाही हो! आभाळाचा उजेड पाठीवर ठेवून सरळ उडायचं, एवढंच आम्हाला ठाऊक. दिवा जवळ आला की वर कुठे आणि खाली कुठे, तेच कळेनासं होतं. मी गरगर फिरत राहायचो. खाली फुलं उघडी, वास मिशांना झोंबतोय, आणि मला तिथे जाता येत नाही! माझे कितीतरी भाऊबंद त्या खांबाखाली पडले. पालींनी त्यांच्यावर ताव मारला.

सकाळी सोजरबाई गळलेले पिवळे भोपळे ओच्यात गोळा करायची.

"नजर लागली माझ्या वेलाले," ती म्हणायची. "कोनी तरी येऊन काही करून जाते."

"माय, कोन येईल इथं?" समाधान वैतागायचा. "फळ धरत नाही तर उखाडून टाकू. सोमवारी केळी लावून देतो."

"सोमवारपर्यंत थांब रे. माझ्या मायची निशाणी आहे ती."

तिने मांडवाला लिंबू-मिरची बांधली, काळी बाहुली टांगली. कोण येतं ते दिसावं म्हणून दिवा पहाटेपर्यंत चालू ठेवायला लावला. जितके भोपळे गळत, तितका दिवा जास्त जळे. तिला ओरडून सांगावंसं वाटे, पण मला कंठ नाही.

काल संध्याकाळी लाइट गेली. सोजरबाईने लाइटवाल्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. मी मात्र आभाळ पाहिलं, खरं आभाळ! माझा एक पंख अर्धा झडला होता. तरी कसाबसा नर फुलाशी गेलो, सोंड बुडवली, अंगभर पराग घेतले. मग शोधत राहिलो. वेल थकला होता, एकच मादी फूल उमललं होतं. त्यात शिरलो आणि पराग पोचवले. त्यानंतर पंख उचलेना, तिथेच पडून राहिलो.

आज सोमवार. सकाळी सोजरबाईने फुलात डोकावून पाहिलं आणि मला चिमटीत धरून बाहेर ओढलं.

"अरे समाधान, हा बघ! हाच किडा लागला वेलाले." तिचा आवाज चिरकला. "नजर नाही बापा, वेलच किडला. तू म्हणत होता तेच सही. काढून टाक. माझ्यानं बघवत नाही."

आता मी तिच्या मुठीत आहे. ती पदराने डोळे पुसते आहे. समाधान कोयता घेऊन बुंध्याशी वाकला आहे.

मित्रांनो, तुम्हाला आवाज आहे. माझं काय व्हायचं ते होवो, माझे दिवस भरलेच आहेत. पण त्या मिटलेल्या फुलामागचा भोपळा धरला आहे हो! तिच्या आईचं सगळं बी त्याच्या पोटात आहे. हाक मारा तिला. सोजरबाई, सोजरबाई म्हणा. मोठ्याने म्हणा, त्याने कोयता उचलला आहे.