बगळीचा डावा दिवा

यादोराव उभ्या आयुष्यात दोनच माणसांना घाबरले. एक त्यांचे सासरे आणि दुसरे डेपोतले साहेब. सासरे वारून जमाना झाला होता, आणि साहेबांचा धाक निवृत्तीबरोबर सुटला होता, तेव्हा आता घाबरायला कुणी उरलं नव्हतं. तरी गेले काही दिवस ते घाबरून होते, आणि तेही स्वतःच्याच उजव्या हाताला.

हा हात काही साधासुधा नव्हता. एसटीची गाडी चालवण्यात त्याची हयात गेली होती. निवृत्त झाल्यावर यादोरावांना चैन पडेना, म्हणून त्यांनी एक जुनी पांढरी मोटार घेऊन सिहोऱ्याच्या घरासमोर उभी केली. विमलाबाईंनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, पहिल्याच दिवशी तिचं नाव बगळी ठेवलं. पांढरी होती, बारीक चाकांची होती, आणि एका जागी उभी राहिली की तासन्‌तास हलत नव्हती. यादोरावांनी थोडा राग धरला, पण नाव चिकटायचं ते चिकटलंच.

दिवाळीपासून या बगळीनं घोळ घालायला सुरुवात केली. बगळीनं की यादोरावांनी, हाच तर घरातला वाद होता. आधी चौकात यादोरावांनी डावा सिग्नल देऊन गाडी डावीकडे वळवली, तर मागचा दूधवाला कॅनसकट दारावर आदळता आदळता वाचला. "उजवा दिवा देता अन् डाव्या बाजूले वळता काजी?" तो ओरडला. यादोराव म्हणाले डावाच दिला, दूधवाला म्हणाला माह्या डोळ्यात का माती गेली? मग एका संध्याकाळी धानाची पोती घेऊन येणाऱ्या ट्रॅक्टरवाल्याच्या तोंडावर बगळीनं आपण होऊन मोठा दिवा फेकला आणि शिव्या मात्र यादोरावांनी खाल्ल्या. तिसऱ्या खेपेला तर कहर झाला. दिवेलागणीनंतर नाल्याच्या पुलाजवळ दिवे साफ गेले. क्षणभरच गेले, पण परत आले तेव्हा पुलाचा कठडा हात लावण्याइतका जवळ होता, आणि नेमका त्या वेळी सुगत शेजारी बसलेला होता.

सुगत हा यादोरावांचा मुलगा, तुमसरला बँकेत नोकरीला. बापावर त्याचा फार जीव, पण तो जीव त्याला रागावूनच दाखवता यायचा. घरी येताच त्यानं किल्ली काढून आपल्या खिशात टाकली.

"बाबा, आता बस झालं. तुमचा हात चुकून राहिला."

"हात नाई रे, गाडी चुकून राहिली."

"नाचता येईना, अंगण वाकडं," विमलाबाई चुलीपाशी बसल्या बसल्या म्हणाल्या. त्या गमतीनंच म्हणाल्या होत्या, पण यादोरावांना ते लागलं आणि त्या रात्री ते नेहमीपेक्षा एक भाकर कमी जेवले.

सुगत अन्याय करणारा नव्हता. दुसऱ्या दिवशी त्यानं स्वतः बगळी जीवनच्या गॅरेजात नेली, यादोरावांनाही बरोबर घेतलं. जीवन गावातलाच पोरगा, हात चांगला, बडबड जास्त. त्यानं फ्यूज पाहिले, बल्ब पाहिले, सिग्नल टिकटिकवणारी डब्बीसुद्धा नवी टाकून पाहिली. डावा दिवा म्हटलं की डावा लागत होता आणि उजवा म्हटलं की उजवा.

"काका, गाडीत काई दोष नाई जी," तो मोठ्या आनंदानं म्हणाला. आपण काय बोलून गेलो ते त्या बिचाऱ्याला कळलंही नाही. सुगतनं बापाकडे पाहिलं नाही, आणि यादोरावांनी मुलाकडे पाहिलं नाही.

त्यात रविवार आला होता तोंडावर. कारध्याला त्यांच्या लेकीकडे, प्रतिक्षाकडे, दुसऱ्या नातीचं नाव ठेवायचं होतं. सुगतनं भाड्याची गाडी सांगून ठेवली होती. भाड्याच्या गाडीत, मागच्या सीटवर, पिशवी मांडीवर घेऊन, पाव्हण्यासारखं लेकीच्या दारात उतरायचं! थोरल्या नातीच्या वेळी याच बगळीतून यादोरावांनी बाळंतिणीला दवाखान्यातून घरी आणलं होतं, तेव्हा तिच्या पोटातलं पाणी हललं नव्हतं. या रविवारी किल्ली हातात आली नाही तर ती पुन्हा येणार नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. म्हातारा माणूस एकदा मागच्या सीटवर बसला की त्याला पुढे कुणी बोलवत नाही.

शुक्रवारी दुपारी सुगत बँकेत असताना त्यांनी विमलाबाईंच्या पोह्यांच्या डब्यातून दुसरी किल्ली काढली. अंगणात उभ्या असलेल्या बगळीत जाऊन बसले. शाळेतल्या पोरासारखं मोठ्यानं म्हणाले, "डावा." उजव्या हातानं स्टिअरिंगखालची दांडी वर केली, खाली उतरले, मागे जाऊन पाहिलं. डावा दिवा लागत होता. परत बसले. "उजवा." परत उतरले. उजवा लागत होता. घाम फुटेपर्यंत त्यांनी ही परीक्षा दिली आणि प्रत्येक वेळी उत्तर बरोबर आलं. याहून वाईट निकाल लागू शकला नसता. गाडी चांगली होती, म्हणजे हातच गेला होता. त्यांनी हताश होऊन स्टिअरिंगवर डोकं टेकलं, ते नेमकं हॉर्नवर टेकलं, आणि बगळी अशी किंचाळली की रीना लाटणं घेऊनच बाहेर आली.

रीना ही त्यांची सून, आरोग्य केंद्रात नर्स. सासऱ्याचे ओले डोळे तिनं पाहिले आणि लाटणं पाठीमागे लपवलं.

"का झालं, मामाजी?"

"काई नाई वो. गाडी चांगलीच आहे. मीच बिघडलो."

रीना गाडीच्या दाराला टेकून उभी राहिली. "आमच्या दवाखान्यात रोज होते हे. पेशंट समोर आला की त्याचा ताप उतरते. म्हणून का घरी ताप नव्हताच?"

"मंग?"

"मंग आमी इचारतो, घरी असता तेव्हा का खाता, का पिता, कसे झोपता. तुमी आता मले सांगू नका, करून दाखवा. कारध्याले निघून राहिलो असं समजा. जसे निघता अगदी तसेच निघा."

यादोरावांना लाज वाटली, पण सुनेच्या आवाजात इंजेक्शन देतानाची जरब होती. ते घरात गेले. धुवट शर्ट घातला. डोक्यावर टोपी चढवली. विमलाबाईंना म्हणाले, "अवो, माही पिशवी दे." विमलाबाईंना अर्धवट काम जमत नाही. खोटं खोटं जायचं असलं तरी त्यांनी पिशवीत भाकरीचा स्टीलचा डबा ठेवला, पाण्याची मोठी बाटली ठेवली, वर नातीसाठी चार पेरू टाकले. यादोराव ती घेऊन गाडीत बसले. चपला काढून ठेवल्या. पिशवी स्टिअरिंगखालच्या उजव्या दांडीला अडकवली. आरसा नीट केला, एकदा खाकरले, आणि हाक दिली, "डावा!"

मागे उभी असलेली रीना वाकून दिव्याकडे पाहू लागली.

"लागला का?"

"लागला, मामाजी. पण उजवा लागला."

यादोराव टोपी सावरत बाहेर आले. खरंच उजवा दिवा मारे ऐटीत उघडझाप करत होता. त्यांनी दांडी वर केली होती ती बरोबरच केली होती, पण हात सोडताच पिशवीच्या वजनानं ती हळूच खाली उतरली होती आणि उजवीकडे जाऊन बसली होती. आत टिकटिक तीच. समोर दिशा दाखवणारा हिरवा बाण कधीचाच विझलेला, तेव्हा चालवणाऱ्याला कळणार तरी कसं?

"काढा पिशवी," रीना म्हणाली. डावा लागला. "अडकवा." उजवा लागला. "आता हलवा थोडीशी, रस्त्यावर हलते तशी." यादोरावांनी दिवे लावून पिशवीला झोका दिला, तर मोठा दिवा लागला, मग बारीक लागला, मग दोन्ही गेले. सासरा आणि सून लहान पोरांसारखी पिशवी काढत होती आणि अडकवत होती, आणि विमलाबाई उंबऱ्यात उभ्या राहून दोघांकडे पाहत होत्या.

"पण तिथं पिशवी कायले अडकवता म्हंते मी?" विमलाबाईंनी विचारलं.

"मंग कुठं अडकवू? एसटीत स्टिअरिंगजवळ लोखंडाचा दांडा होता, जन्मभर तिथंच डबा अडकवला."

आता पाहा, यात कुणाची चूक काढायची? पिशवी अडकवणं ही यादोरावांच्या लेखी गाडी चालवण्यातली गोष्टच नव्हती, म्हणून ती त्यांनी कुणाला सांगितली नाही. आणि जीवनच्या गॅरेजात जाताना डबा कोण बरोबर घेतं? इथून तिथं तर जायचं. ज्या ज्या वेळी तपासणी झाली त्या त्या वेळी खरा गुन्हेगार घरी खुंटीला टांगलेला होता.

"पायलं का, प्रतिक्षाची माय!" यादोराव ओरडले. "अंगणच वाकडं होतं!"

"होतं ना. पण वाकडं केलं कोणं?"

केलं होतं यादोरावांनीच, पण त्यांना त्याचं दुःख नव्हतं. उलट इतक्या आनंदानं आपली चूक कबूल करणारा माणूस सिहोऱ्यात दुसरा झाला नसेल. चूक त्यांचीच होती, म्हातारपणाची नव्हती. ते अनवाणीच जीवनकडे निघाले.

जीवननं आधी कपाळावर हात मारून घेतला. "मीबी ते दांडी हलवून पायली नाई जी. वरवर दाबली अन् सोडली." शनिवारी सकाळी तो तुमसरहून नवा स्विच घेऊन अंगणात हजर झाला. सुगतला त्या दिवशी सुट्टी होती. रीनानं त्याला सगळं सांगितलं होतं, तरी तो हाताची घडी घालून, डोळ्यांनी पाहिल्याशिवाय मानणार नाही अशा बेतानं खुर्ची टाकून बसला.

जीवननं बॅटरीची तार सोडवली, हॉर्नचं झाकण उचकटलं, मधला नट ढिला केला. स्टिअरिंग ओढून काढण्याआधी तो थांबला. "काका, चुन्याची डब्बी द्या." यादोरावांनी तंबाखूच्या खर्ऱ्यासाठी खिशात ठेवलेली डबी पुढे केली. जीवननं बोटभर चुना घेऊन स्टिअरिंगच्या दांड्यावर आणि चाकावर मिळून एक सरळ रेघ ओढली. "नाई तर बसवताना एक दात इकडेतिकडे झाला की चाक वाकडं बसते, अन् मंग तुमी सरळ रस्त्यावर वाकडे दिसान." चाक निघालं, खालचं आवरण निघालं, तारांची जोडणी सुटली, आणि जुना स्विच दांड्यांसकट बाहेर आला. उजव्या दांडीच्या बुडाशी प्लॅस्टिक तडकून त्याचे दोन तुकडे झाले होते आणि आतल्या पितळी पट्ट्या घासून काळ्या पडल्या होत्या.

सुगतनं तो जुना स्विच हातात घेतला. दांडी हलवली. ती खिळखिळ्या दातासारखी डुलली.

"म्हणजे त्या पुलावर..."

"डब्यानं हिसका देल्ला," यादोराव म्हणाले.

सुगतनं तो स्विच परत जीवनच्या हातात दिला. मग म्हणाला, "बाबा, मी तुमाले लय बोललो."

"किल्ली घेतली त्याचा राग नाई रे मले. कठडा मीनंबी पायला होता. तू नसती घेतली तर मीच देऊन टाकली असती." यादोरावांनी चुन्याची डबी खिशात टाकली. "पण तू म्हनला अन् मले ते पटलंच. मी संपलो असं मानून बसलो होतो. त्याचं वाईट वाटते."

सुगत वळून जीवनवर खेकसला, "आता बसव ना तो नवा, पाहत का बसला?"

जीवननं घाईघाईनं नवा स्विच बसवला, चुन्याच्या रेघेला रेघ जुळवून चाक चढवलं, नट आवळला आणि बॅटरीची तार जोडली. जोडताच बगळीनं जो हॉर्न लावला तो थांबेचना. हॉर्नची तार झाकणाखाली चेपली गेली होती. जीवन तार उपटायला धावला, शेजारचे लोक कुणाकडे काय झालं म्हणून धावले, आणि विमलाबाई कानांवर हात ठेवून सगळ्यांना सांगत राहिल्या, "काई नाई जी, बगळी बरी झाली!" तार मोकळी केल्यावर मात्र सगळं जागच्या जागी आलं. डावा तो डावा, उजवा तो उजवा, मोठा दिवा मोठा, बारीक तो बारीक.

रविवारी भाड्याच्या गाडीला नको म्हणून सांगितलं होतं. सुगतनं किल्ली बापाच्या हातात दिली खरी, पण स्वतः पुढेच बसला. विश्वास एका रात्रीत बसत नाही, नटासारखा पान्यानं आवळता येत नाही. पिशवी विमलाबाईंच्या मांडीवर होती आणि रीना त्यांच्या शेजारी. सिहोरा सुटेपर्यंत सुगतचा उजवा पाय पुढच्या रिकाम्या जागेत ब्रेक दाबत होता. "बाबा, गाय." "दिसली." "बाबा, सायकलवाला." "तोबी दिसला." यादोराव चिडले नाहीत. रस्ता त्यांच्या ओळखीचा होता, खड्डेही ओळखीचे होते, आणि दोन्ही बाजूंना कापलेल्या धानाच्या बांध्या, म्हणजे बांध घातलेली शेतं, उन्हात पडल्या होत्या.

तुमसर मागे पडल्यावर सुगतच्या सूचना थांबल्या. पोरगा अजून मनातून धास्तावलेला असेल, यादोरावांना वाटलं. भंडारा आलं, शहरातल्या गर्दीतून बगळी अलगद निघाली, वैनगंगेचा पूल लागला, तरी सुगत गप्पच. शेवटी यादोरावांनी डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं. सुगतची मान खिडकीकडे कलली होती, तोंड उघडं होतं, आणि तो लहानपणी झोपायचा तसा गाढ झोपला होता.

एसटीच्या ड्रायव्हरला शाबासकी कधी मिळत नाही. कुणी उतरताना म्हणत नाही की बाबा, चांगली चालवली. पण वरच्या आरशात पाहावं तर अख्खी गाडी माना टाकून झोपलेली असते, अनोळखी माणसं, ड्रायव्हरच्या भाषेत सवाऱ्या, आपला जीव त्याच्यावर सोपवून घोरत असतात, आणि ड्रायव्हरला समजायचं ते समजतं. यादोरावांना आपल्या नोकरीत हजारो माणसांनी ही पावती दिली होती. आज घरच्यानं दिली. त्यांचे डोळे भरून आले आणि त्याच वेळी हसूही आलं. पूल संपताच त्यांनी गाडीचा वेग आणखी कमी केला.

"आलं ना कारधा," विमलाबाई मागून म्हणाल्या. "पोरगी वाट पाहून राहिली, अन् तुमी एवढी हळू कायले चालवून राहिले?"

"हळू बोल वो," यादोराव कुजबुजले. "सवारी झोपली आहे."