एका ओळीत तेरा नावं

एकोणीसशे त्रेसष्ट साली मलेशिया हा नवा देश व्हायचा होता तेव्हा अन्सिबिन गुंपाट आणि त्याचा मेहुणा मारातिन यांनी तंबुनान खोऱ्यातली एकही वस्ती सोडली नाही. आपल्या सबाह प्रांतानं त्या देशात का जायचं, हे लोकांच्या गळी उतरवायचं होतं. अन्सिबिन सांगायचा, "आपण कुणाच्या हाताखाली जात नाही, बरोबरीनं बसतोय. घटनेत आपलं नाव वेगळं लिहिलंय."

म्हातारे विचारायचे, "आणि लिहिलेलं खोडलं तर?"

मारातिन शाळामास्तर. तो म्हणायचा, "खोडायला दोन-तृतीयांश माणसं लागतात, आजोबा. आणि तिथं संसदेत आपला अन्सिबिन असेल की!"

शहात्तर साली अन्सिबिन खरंच क्वालालंपूरच्या संसदेत होता. घटनादुरुस्तीचं जाडजूड विधेयक आलं. पक्षाचा माणूस कानाशी लागला, "किरकोळ आहे हो, राज्यांची यादी नीट लावतोय. तुमच्या खोऱ्यातल्या रस्त्याचं मी बोलून ठेवलंय." अन्सिबिननं ते पान वाचलं. सबाह आणि शेजारच्या सारावाकची वेगळी ओळ गेली होती. जोहोर, केदाहसारख्या साध्या राज्यांच्या रांगेत तेरा नावं एका दमात लिहिली होती. त्याला सगळं कळलं, आणि त्यानं होकार दिला.

तो घरी आला तेव्हा मारातिन ओसरीवर बसला होता.

"वाचलं होतंस?"

"माझ्या एकट्याच्या नकारानं काय झालं असतं?"

"काही नाही. फक्त मला लोकांना तोंड दाखवता आलं असतं."

मारातिननं हातातली तापाई, घरची तांदळाची दारू, अंगणात ओतली आणि बायकोला म्हणाला, "लुंबिया, चल." लुंबिया अन्सिबिनची सख्खी बहीण. ती मागं न बघता गेली.

रस्ता झाला. त्यावरून आधी लाकडाचे ट्रक गेले, मग पोरं गेली, जोहोरच्या कारखान्यांत. मारातिनचे दोन्ही मुलगेही गेले. दोन हजार एकोणीस साली ती ओळ परत लिहायचा घाट घातला गेला, पण दोन-तृतीयांश जमले नाहीत. त्याच वर्षी मारातिन वारला. एकवीसच्या डिसेंबरात मात्र दुरुस्ती मंजूर झाली.

गावात समारंभ ठरला. त्या काळातला हयात खासदार म्हणून शहाऐंशी वर्षांच्या अन्सिबिनला पहिल्या रांगेत बसवलं, खांद्यावर शाल घातली. "राज्याच्या हक्कांसाठी झगडलेला वाघ!" निवेदक ओरडला. अन्सिबिननं माइक हातात घेतला.

"मी झगडलो नाही. ती ओळ खोडायला मी होकार दिला होता. वाचून, समजून."

कुणीतरी हसलं, आणि सगळा मांडव हसला. निवेदकानं हलकेच माइक काढून घेतला. "आजोबा दमलेत. जोरदार टाळ्या!"

तो तिथून थेट बहिणीकडं गेला. लुंबिया तुहाऊचे, म्हणजे रानआल्याचे देठ बारीक चिरत होती. तिनं चटई पुढं सरकवली.

"ऐकलं मी, दादा. भोंग्याचा आवाज इथवर येतो."

"आज बोललो मी."

"कुणाला? त्याचं घर तुझ्या घरापासून दोन शेतांवर होतं. तो होता त्या त्रेचाळीस वर्षांत तुला ती ओलांडता आली नाहीत."

"लाज वाटायची गं."

"त्यालाही वाटायची. तू रस्त्याचं उद्घाटन करत होतास ना, तेव्हा तो वस्त्या-वस्त्यांतून फिरत होता. ज्या म्हाताऱ्यांना शब्द दिला होता, त्यांची माफी मागत. जे मेले होते त्यांच्या मुलांची."

लुंबियानं विळी बाजूला ठेवली, त्याच्या खांद्यावरची शाल घडी करून हातात दिली आणि म्हणाली, "जा आता. अंधारायच्या आत घरी पोच."

दुसऱ्या दिवशी पेपरात त्याचा फोटो आला. हातात माइक, खाली 'हक्कांचा लढवय्या'. सुनेनं तो कापून दिवाणखान्यात चिकटवला.

"काढ तो," अन्सिबिन म्हणाला.

"असू द्या हो, बाबा. आल्यागेल्याला बरं दिसतं."